पोर्कला आंबट लागतंच

अंबरनाथ पूर्वेला संध्याकाळी फेरफटका मारायला निघालं की थोड्या थोड्या अंतरावर चायनीजची गाडी लागते. लाल बोर्ड, भडकलेली आच, कढईवर झाऱ्याचा खणखणाट आणि नाकात जाणारा शेजवानचा ठसका. इकडे बदलापूर, तिकडे उल्हासनगर, कुठेही जा, चित्र हेच. मंचुरियन, लॉलीपॉप, ट्रिपल राईस, चायनीज भेळ, सगळं मिळतं. पोर्क मात्र मिळत नाही. ते साहजिकच आहे. गाडीवर दहा जातीधर्मांचं गिऱ्हाईक येतं, एकाच कढईत सगळं परततात, आणि धंदा करणाऱ्याला सगळ्यांना सांभाळावं लागतं. त्यामुळे ज्याला स्वीट अँड सावर पोर्क खायचंय त्याला ते घरीच करावं लागतं. आमच्या घरी ते होतं. नाताळात होतं, ईस्टरला होतं, आणि अधूनमधून एखाद्या रविवारी मुलांच्या फर्माइशीखातरही होतं.

मी मूळची वसईची. लग्न झाल्यावर अंबरनाथला आले, कारण नवऱ्याची नोकरी आनंदनगर एमआयडीसीत. आमचं माहेरचं घर ख्रिस्ती, भाषा मराठी, आणि स्वयंपाकघरात डुकराचं मटण परकं नाही. वसई 1534 साली पोर्तुगीजांकडे गेली आणि 1739 साली चिमाजी अप्पांनी ती जिंकली. मधल्या दोनशे वर्षांत आमच्या भागात धर्माबरोबर खाण्याच्याही काही रीती रुजल्या आणि त्या टिकल्या. लग्नकार्याला, सणाला डुकराचं मटण हवंच. मुंबईतल्या ईस्ट इंडियन ख्रिस्ती घरांतही तसंच. तिथे डुकराचं सरपतेल असतं, इंद्याल असतं, सोबत फुगे नावाचे तळलेले गोल पाव असतात. उन्हाळ्यात मिरच्या आणि पुष्कळ प्रकारचे मसाले भाजून, कुटून जो मसाला होतो तो बिअरच्या गडद बाटल्यांत ठासून भरायचा, म्हणून त्याला बॉटल मसालाच म्हणतात.

आई इंद्याल करायची तेव्हा मसाला पाट्यावर व्हिनेगरमध्ये वाटायची, पाण्याचा थेंब लागू द्यायची नाही. लाल मिरची, जिरं, लसूण, आलं, हळद, दालचिनी, आणि त्यावर व्हिनेगरची धार. शिजत आलं की चिमूटभर साखर. ती साखर गोडव्यासाठी नसायची. आंबटाचं टोक बोथट व्हावं, एवढंच तिचं काम. सरपतेल तर ती केल्या दिवशी वाढायचीच नाही. रोज एक उकळी द्यायची आणि दोनतीन दिवसांनी ताटात यायचं. व्हिनेगर तोवर मांसात मुरलेलं असायचं. मी स्वीट अँड सावर पोर्क करायला घेतलं तेव्हा माझ्या हाताशी जी काही समज होती ती या दोन पातेल्यांतून आलेली होती.

हा पदार्थ मी पहिल्यांदा खाल्ला तो बाबांमुळे. बाबा माझगावला गोदीच्या कामावर होते. वसईहून रोजची लोकल, रात्री उशिरा घरी. वर्षातून एखाददा, बोनस झाला की ते आम्हा सगळ्यांना मुंबईला न्यायचे. गेटवे ऑफ इंडिया बघायचा आणि मग अपोलो बंदरावरच्या ‘नानकिंग’मध्ये जेवायचं. पुढे कुलाब्यात ‘लिंग्ज पॅव्हिलियन’ काढणाऱ्या लिंग कुटुंबाचं ते हॉटेल. तिथे बाबांनी मागवलेल्या ताटलीत डुकराच्या मटणाचे सोनेरी तुकडे होते, वर चकचकीत रस, अननसाच्या फोडी आणि ढोबळी मिरची. दाताखाली कुरकुरीत लागतं, मग आतली चरबी विरघळते, आणि तोंड तुपकट होणार इतक्यात आंबट येऊन सगळं स्वच्छ करतं. आई घास चावता चावता म्हणाली होती, “ह्यातपण शिरका आहे की.” शिरका म्हणजे व्हिनेगर. आईची जीभ बरोबर तिथेच गेली.

माझगावात तेव्हा चिनी घरं थोडी उरली होती. एके काळी तिथे चांगली वस्ती होती. चिनी खलाशी, सुतार, दातांचे डॉक्टर, चपला शिवणारे. त्यांचं सी यूप कून हे छोटं मंदिर 1919 सालचं, डॉकयार्ड रोड स्टेशनपासून जवळच. 1962 च्या भारत-चीन युद्धानंतर देशभरातल्या चिनी कुटुंबांवर संशयाची नजर आली, हजारो माणसांना राजस्थानात देवळीच्या छावणीत नेऊन ठेवलं, आणि पुढे पुष्कळजण देश सोडून गेले. बाबा सांगायचे, गोदीत कामाला असलेल्यांपैकी जे राहिले ते मराठीत, हिंदीत बोलायचे आणि दिवाळीला शुभेच्छा द्यायचे. जी माणसं गेली त्यांच्याबद्दल बाबा कधी वाईट बोलले नाहीत. आज नाक्यानाक्यावर जे चायनीज शिजतं ते या माणसांच्या आणि कोलकात्याच्या टांगरा भागातल्या चिनी कुटुंबांच्या हातून आपल्याकडे आलं, आणि मग आपल्या मिरचीमसाल्यात मिसळलं. मुंबईतल्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात नेल्सन वाँग यांनी 1970 च्या दशकात चिकन मंचुरियन केलं, हे तर आता खवय्यांच्या घरोघरी माहीत झालंय. स्वीट अँड सावर पोर्क मात्र त्याहून बरंच जुनं, आणि ते खरोखरच चीनमधलं.

त्याचं घर म्हणजे दक्षिण चीनमधला कँटनचा परिसर. तिथे त्याला गू लू युक म्हणतात. आज हाँगकाँगपासून लंडनपर्यंत या रसात टोमॅटो केचप घालतात आणि त्यानेच तो लालभडक दिसतो. जुन्या रीतीत केचप नव्हतं. तांदळाचं व्हिनेगर, हॉथॉर्न नावाच्या आंबट लाल फळाच्या चकत्या, आणि उसाच्या साखरेच्या तपकिरी वड्या एवढ्यावर रस व्हायचा. त्या वड्या आपल्या गुळाच्या जवळच्या. हे मला समजलं तेव्हापासून मी पांढरी साखर सोडली आणि गूळ वापरायला लागले.

आता अंबरनाथात पोर्क कुठे मिळतं, हा पहिला प्रश्न. लग्न होऊन आले तेव्हा मला वाटलं होतं, दर वेळी वसईहूनच आणावं लागणार. आमच्या वरच्या मजल्यावरच्या मल्याळी चेचींनी, म्हणजे ताईंनी, तो प्रश्न सोडवला. अंबरनाथ, कल्याण, डोंबिवली या पट्ट्यात कारखान्यांच्या, रेल्वेच्या, इस्पितळांच्या नोकऱ्यांसाठी आलेली केरळी ख्रिस्ती कुटुंबं पिढ्यान्‌पिढ्या राहतात. त्यांच्यातल्या सिरो-मलबार चर्चचा कल्याण धर्मप्रांत 1988 साली झाला, यावरूनच त्यांची संख्या लक्षात यावी. चेचींच्या घरी रविवारी डुकराच्या मटणात नारळाच्या खोबऱ्याचे पातळ काप घालून केलेलं सुकं असतं. त्यांनीच मला एका दुकानात नेलं. दुकान लहान, बोर्ड साधा, आणि माल रविवारी सकाळी येतो. दुपारपर्यंत संपतो. म्हणून चर्चमधल्या सकाळच्या मिस्साच्या आधीच चेची फोन करून सांगून ठेवतात आणि आम्ही मिस्सानंतर जाऊन घेतो.

दुकानात काय मागायचं हे मी चेचींकडून आणि माझ्या आईकडून दोन्हीकडून शिकले. इंद्यालला हाड, चरबी, कातडी सगळं चालतं, उलट तेच हवं. तळायला मात्र खांद्याचं बोनलेस घ्यावं. त्यात मांसाच्या मधून चरबीच्या बारीक शिरा असतात, त्यामुळे तळताना तुकडा आतून कोरडा पडत नाही. निव्वळ पाठीचं घेतलं तर मांस स्वच्छ दिसतं पण तळून चोथा होतो. पोटाचं घेतलं तर चरबीच जास्त, आणि कुरकुरीतपणा टिकत नाही. चरबी पांढरी शुभ्र आणि घट्ट हवी, मांस फिकट गुलाबी. पिवळट चरबी आणि उग्र वास असेल तर सरळ मागे फिरावं. दुकानात येणारं मांस फार्मवर पाळलेल्या, खाद्यावर वाढवलेल्या पांढऱ्या डुकरांचं असतं का, हे विचारायला मी लाजत नाही. चांगला दुकानदार ते आनंदाने सांगतो.

आणि नीट शिजवणं. याबाबतीत मी कुणाचं ऐकून घेत नाही. कच्च्या राहिलेल्या डुकराच्या मटणातून पट्टकृमी पोटात जाऊ शकतो. त्याची अंडी माणसाच्या विष्ठेतून बाहेर पडतात आणि न धुतलेल्या भाजीतून, घाण पाण्यातून, अस्वच्छ हातांतून दुसऱ्याच्या पोटात गेली तर मेंदूत गाठी होऊन फिट येऊ शकते. आपल्या देशात फिट येण्याच्या महत्त्वाच्या कारणांपैकी हे एक आहे. म्हणजे दोन गोष्टी पाळायच्या. मांस आतपर्यंत शिजलेलं हवं, मधोमध कापलं तर गुलाबी रेघ दिसता कामा नये. थर्मामीटर असेल तर आतलं तापमान 71 अंशांपर्यंत गेलं की निर्धास्त. आणि हात, पाट, सुरी साबणाने धुवायची, सॅलडची भाजी त्या पाटावर चिरायची नाही. हे दोन नियम पाळले की घाबरायचं कारण उरत नाही.

माझं या पदार्थाबद्दलचं खरं म्हणणं आता सांगते. डुकराच्या मटणाला चरबी असते, आणि चरबीला आंबट लागतंच. जिथे जिथे लोक डुक्कर शिजवतात तिथे तिथे त्यांनी आपापलं आंबट शोधलंय. गोव्यात आणि वसईत माडाच्या ताडीचं व्हिनेगर. कूर्गात पांदी करीमध्ये कच्चमपुळी, म्हणजे आपल्या कोकमाच्याच जातकुळीतल्या एका फळाचा आटवून काळा केलेला रस. नागालँडमध्ये आंबवलेले बांबूचे कोंब. फिलिपिन्समध्ये अडोबोत व्हिनेगर. आणि कँटनमध्ये तांदळाचं व्हिनेगर नि हॉथॉर्न. यातल्या बहुतेकांनी कुणाची वही बघून हे शिकलेलं नसेल. जिभेनेच त्यांना तिथे नेलं. म्हणून स्वीट अँड सावर पोर्क म्हणजे बाटलीतला लाल सॉस मटणावर ओतणं नव्हे. त्यातलं आंबट चांगलं हवं, आणि ते भरपूर हवं. गोड त्याला सांभाळण्यापुरतं. बाहेर हा पदार्थ बिघडतो तो बहुतेक वेळा गोड पुढे गेल्यामुळेच.

माझं आंबट वसईहून येतं. भाऊ अजूनही माडी उतरवणाऱ्याकडून सकाळची ताजी ताडी घेतो आणि बरणीत कापड बांधून ठेवतो. पहिल्या दिवसापासून ती फसफसते, साखरेची दारू होते, मग हवेतल्या जिवाणूंनी दारूचं ॲसिटिक आम्ल होतं. काही आठवड्यांनी वरती पातळ साय धरते आणि खाली किंचित ढगाळ व्हिनेगर तयार होतं. वास तीव्र पण नाकाला टोचत नाही, पाठीमागे नारळाचा अंश राहतो. ती बाटली मी वसई रोडहून दिव्याच्या गाडीने आणि दिव्याहून अंबरनाथच्या लोकलने आणते, पिशवीत उभी, झाकणाला प्लास्टिक बांधून. बाजारात मिळणाऱ्या स्वस्त पांढऱ्या व्हिनेगरच्या बाटलीवर सिंथेटिक असं लिहिलेलं असतं, त्यात नुसतं ॲसिटिक आम्ल पाण्यात मिसळलेलं असतं. ते आंबट करतं, पण आंबटाला खोली नसते. ज्यांच्याकडे वसई-गोव्याचं व्हिनेगर नाही त्यांनी तांदळाचं किंवा सफरचंदाचं घ्यावं. तेही नसलं तर पांढऱ्या व्हिनेगरमध्ये लिंबाचा रस आणि थोडा चिंचेचा कोळ मिसळावा. उल्हासनगरच्या सिंधी बायकांच्या कढीत चिंचेने जो भरलेला आंबटपणा येतो, तो आठवून चिंच घालावी.

आता कृती. अर्धा किलो मांसाचे साधारण इंचभराचे तुकडे करायचे. फार लहान केले तर तळताना आटतात, फार मोठे केले तर आतपर्यंत शिजत नाहीत. धुऊन, पूर्ण कोरडे करून त्यांना मीठ, मिरपूड, एक चमचा सोया सॉस, आल्याचा रस आणि अंड्याचा पांढरा बलक लावून अर्धा तास ठेवायचं. अननस या वेळी मांसाजवळ येऊ द्यायचा नाही. ताज्या अननसात ब्रोमेलिन नावाचं द्रव्य असतं, ते मांसातली प्रथिनं तोडतं. थोडा वेळ ठीक, पण रात्रभर ठेवलं तर मांसाचा लगदा होतो. डब्यातला अननस उकळलेला असतो म्हणून त्यात ही ताकद उरत नाही. मला ताजाच आवडतो. आमच्या बाजारात येतो तो बहुतेक केरळातला, वाझाकुलमकडचा. चेची तो हातात घेऊन देठाचं पान उपसून बघतात. पान सहज निघालं की पिकलाय.

मग कॉर्नफ्लॉवर. त्यात मी मूठभर तांदळाचं पीठ घालते. तुकडे एकेक करून पिठात घोळवायचे, दाबायचे, आणि जास्तीचं पीठ झटकायचं. घोळवल्यावर लगेच तळायला घ्यायचे नाहीत. दहा मिनिटं ताटात पसरून ठेवायचे. तेवढ्यात पीठ मांसाचा ओलावा शोषून घेतं, कोरडा पांढरेपणा जातो आणि तेलात पीठ सुटून खाली बसत नाही.

तळणी दोनदा. हे मी जराही सोडत नाही. लोखंडी कढईत तेल मध्यम तापवायचं. लाकडी उलथन्याचं टोक बुडवलं की बारीक बुडबुडे सावकाश येतात, तेवढं. तुकडे थोडे थोडे टाकायचे, गर्दी करायची नाही. गर्दी केली की तेल थंड होतं आणि पीठ तेल पितं. पहिल्या तळणीत तुकडे फक्त शिजू द्यायचे. रंग अजून फिका, पिवळसर. काढून जाळीवर ठेवायचे, कागदावर नाही, कारण कागदावर खालची बाजू वाफेने मऊ पडते. ते गार होईपर्यंत रस करून घ्यायचा. मग तेल चांगलं तापवायचं, लाकडाभोवती बुडबुडे खळखळून येतील इतकं, आणि सगळे तुकडे एकदम टाकून मिनिट-दीड मिनिटात काढायचे. या वेळी कढईतला आवाज बदलतो. आधी ओला, जड सळसळाट असतो, दुसऱ्या वेळी कोरडा, हलका तडतडाट. आवाज कोरडा झाला की तुकड्यातली वाफ निघून गेली आणि कवच झालं. झाऱ्याने उचलून कढईच्या कडेवर आपटलं तर टणक टकटक ऐकू येते. आमच्या गॅसची आच हॉटेलातल्यासारखी नसते, त्यामुळे घरी ही दुसरी तळणी अधिकच गरजेची.

रसासाठी चार मोठे चमचे व्हिनेगर, चार मोठे चमचे किसलेला गूळ, दोन चमचे टोमॅटो केचप, एक चमचा सोया सॉस, चिमूट मीठ आणि अर्धी वाटी पाणी. गूळ आधी कोमट पाण्यात विरघळवून गाळून घ्यायचा, त्यात कधी कधी कचरा असतो. केचप मी रंगापुरतंच घालते. हे सगळं एका वाटीत आधीच मिसळून ठेवायचं आणि चाखायचं. इथे मला आई आठवते. चिंचगुळाची आमटी करताना ती पळीतली थोडी आमटी तळहातावर घेऊन चाखायची. तसाच रसाचा गार थेंब जिभेच्या टोकाला लावायचा. आधी आंबट लागलं पाहिजे, मग गोड, आणि गिळल्यावर तोंडात पुन्हा किंचित आंबट उरलं पाहिजे. गोड शेवटी राहिलं तर व्हिनेगर थोडं वाढवायचं. मराठी घरात वाढलेल्या कुणालाही हा तोल नवीन नाही. आमटीत, मेथांब्यात, पंचामृतात हे आपण करतोच. स्वीट अँड सावरला आपली जीभ आधीपासून तयार असते, तिच्यावर विश्वास ठेवायचा.

दुसऱ्या कढईत दोन चमचे तेल, त्यात ठेचलेला लसूण आणि आलं. कांद्याच्या मोठ्या फोडी, मग ढोबळी मिरचीचे चौकोनी तुकडे. मोठ्या आचेवर मिनिटभर. मिरचीचा हिरवा रंग उजळला की अननसाच्या फोडी. त्या कढईच्या बुडाला किंचित खरपूस लागू द्यायच्या. मग वाटीतलं मिश्रण ओतायचं. उकळी आली की कॉर्नफ्लॉवर दोन चमचे पाण्यात कालवून धारेने सोडायचं आणि ढवळत राहायचं. रस पारदर्शक आणि चमकदार झाला की गॅस बंद. इथे रेंगाळायचं नाही, कारण आंबटात फार वेळ उकळलं तर कॉर्नफ्लॉवरची बांधणी सुटते आणि रस पुन्हा पातळ होतो. तळलेले तुकडे आता घालायचे, दोनतीन वेळा उलटसुलट करायचे, की प्रत्येक तुकड्याला रसाचा पातळ थर बसतो, आणि लगेच ताटात. मंडळी पानावर बसलेली असली पाहिजेत. हा पदार्थ माणसांनी थांबून घ्यायचा, त्याने माणसांसाठी थांबायचं नाही. सोबत वाफाळता भात. आमच्याकडे नाताळात त्याच्याशेजारी इंद्यालही असतं आणि फुगेही. दोन आंबट एकाच पानात, एक मसाल्याचं आणि एक गुळाचं, आणि एकाने दुसऱ्याला कमी केलं असं कधी झालं नाही.

आता शेजाऱ्यांबद्दल. आमच्या इमारतीत सगळ्या तऱ्हेची माणसं आहेत. माळकरी कुटुंब आहे, मुसलमान कुटुंब आहे, जैन आहेत, केरळी आहेत. अंबरनाथ म्हणजे शिवमंदिराचं गाव. वालधुनीकाठचं ते देऊळ अकराव्या शतकातलं, शिलाहारांच्या काळातलं, आणि महाशिवरात्रीला तिथे जत्रा भरते, रस्ते माणसांनी फुलून जातात. त्या दिवसांत मी घरी पोर्क आणत नाही. बहुतेक वेळा तेव्हा आमचाही उपवासकाळ सुरू असतो किंवा उंबरठ्यावर असतो, आणि त्या काळात आम्हीही मांस कमी करतो, राखेच्या बुधवारी आणि पवित्र शुक्रवारी तर मुळीच नाही. म्हणून याचं मला ओझं वाटत नाही.

कुणी विचारलं तर मी सरळ सांगते, आज डुकराचं मटण केलंय. लपवायचं काही नाही आणि मिरवायचंही काही नाही. शेजारची लहान मुलं चायनीजच्या वासाने दारात येतात. त्यांना विचारल्याशिवाय, त्यांच्या आईला सांगितल्याशिवाय मी कुणाच्या हातात वाटी देत नाही. त्यांच्यासाठी मी हाच रस वेगळ्या कढईत, ताज्या तेलात, फ्लॉवर किंवा पनीर घालून करते. झारा, डाव, ताटल्या सगळं वेगळं. खालच्या मजल्यावरच्या भाभींना ते माहीत आहे, म्हणून ईदला त्यांचा शीरखुर्मा आमच्याकडे येतो आणि नाताळात माझा फ्लॉवरचा डबा त्यांच्याकडे जातो. डबा उघडून त्या विचारत बसत नाहीत. हा विश्वास वर्षानुवर्षांच्या स्वच्छ वागण्याने मिळवावा लागतो आणि तो मला पोर्कच्या कुठल्याही चवीपेक्षा मोठा वाटतो. गाडीवाला सगळ्यांसाठी एक कढई ठेवतो म्हणून त्याला पोर्क वगळावं लागतं. घरात दोन कढया ठेवता येतात, म्हणून घरात ते करता येतं.

मला काळजी आहे ती व्हिनेगरची. वसईत माडावर चढणारी माणसं कमी होत चालली आहेत. वाड्या विकल्या जातात, माड तुटतात, त्यांच्या जागी इमारती येतात. भावाला ताडी मिळायला पूर्वीइतकं सोपं राहिलेलं नाही. आई गेल्यावर घरात व्हिनेगर लावणारा तो एकटाच उरला. तेव्हा चेचींनी आणि मी मिळून दुसरा मार्ग धरला. अननस सोलला की साली टाकून द्यायच्या नाहीत. अननस आधी स्वच्छ धुवायचा. एका अननसाच्या साली आणि मधला दांडा काचेच्या बरणीत घालायचा, लिटरभर पाण्यात शंभर ग्रॅम गूळ विरघळवून ओतायचा, साली पाण्याखाली राहतील असं बघायचं आणि तोंडाला पातळ कापड बांधायचं. आपल्या हवेत दोनतीन दिवसांत फेस येतो. रोज स्वच्छ चमच्याने ढवळायचं. आठवड्याने साली काढून पाणी गाळायचं आणि पुन्हा कापड बांधून तीनचार आठवडे ठेवायचं. हिरवी-काळी बुरशी आली तर सगळं फेकायचं, मोह करायचा नाही. नाहीतर स्वच्छ, सोनेरी, फळाचा वास असलेलं व्हिनेगर तयार होतं.

ताडीच्या व्हिनेगरइतकं ते खोल नाही, पण स्वीट अँड सावरला ते फार शोभतं, कारण रसातला अननस आणि त्यातलं आंबट एकाच फळाचं असतं. माझी लेक आता पुण्यात नोकरीला आहे. तिने फोनवर कृती मागितली तेव्हा मी तिला मापं सांगितली, पण त्याआधी साली बरणीत टाकायला सांगितल्या. तिच्या खोलीवर गॅसची एकच शेगडी आहे, कढई लहान आहे, दोन तळण्या तिला जड जातील. ते तिचं ती हळूहळू जमवेल. चांगलं आंबट मात्र एका दिवसात होत नाही. त्याला महिनाभर आधी सुरुवात करावी लागते.